रडून घरी जातात, मग जमायचं कशाला?

प्रश्न : मी मराठवाड्यात बालाघाटच्या डोंगरपट्ट्यातल्या एका गावात 'उमेद'ची, म्हणजे बायकांचे बचत गट बांधणाऱ्या सरकारी अभियानाची, गावपातळीवरची कार्यकर्ती (सीआरपी) आहे. गावात 14 एकल बायका आहेत. बऱ्याच विधवा, त्यातल्या दोघींच्या नवऱ्यांनी आत्महत्या केलेली. तिघी नवऱ्याने टाकलेल्या. त्यांचा वेगळा गट करावा म्हणून तीन बैठका घेतल्या. चार-पाच जणी येतात, बोलता बोलता रडतात आणि घरी जातात. त्यांना द्यायला माझ्याकडे पैसा नाही. दसऱ्यानंतर निम्म्या ऊसतोडीला जातील, म्हणजे आहे तेही मोडेल. नुसतं एकत्र बसून खरंच काही होतं का, की आपण आपलंच समाधान करून घेतो?

उत्तर : ताई, शेवटचा प्रश्न तुम्हाला तिसऱ्याच बैठकीनंतर पडला हे बरं झालं. मला तो पडायला सात वर्षं लागली. तोवर मी गावोगाव बायका जमवत होते, त्यांच्याबरोबर डोळे पुसत होते आणि अहवालात 'मानसिक आधार दिला' असं लिहीत होते.

थेटच सांगते. नुसतं बसून फारसं काही होत नाही. रडल्याने मन हलकं होतं, पण ते घरी पोचेपर्यंत. चुलीपुढे बसलं की पुन्हा जड. पण एकीचं दुसरीवाचून अडायला लागलं की मात्र चित्र बदलतं. पंचवीस वर्षं मराठवाड्यात एकल बायकांबरोबर काम करून माझ्या पदरात पडलेली गोष्ट ही एवढीच आहे, आणि बाकी सगळं उत्तर तिच्याभोवतीच फिरणार आहे.

आधी गावातलं एकटेपण कसं असतं ते बघा. शहरातल्या माणसाला एकटेपण म्हटलं की बंद दाराचा फ्लॅट दिसतो. आपल्याकडे दार उघडंच असतं. घरात सासू, दीर, जावा, लेकरं. माणूस गेल्यावर तेराव्यापर्यंत तर पाय ठेवायला जागा नसते, भाकरी शेजारून येतात, रात्री सोबतीला कुणी ना कुणी झोपायला येतं. तेरावा झाला, पाहुणे पांगले, की खरं सुरू होतं. लोक वाईट वागतात असं नाही. उलट देतात. कुणी पायलीभर ज्वारी देतं, कुणी जुनी साडी देतं, सल्ला तर सगळेच देतात. फक्त तिच्याकडे मागायला कुणी येत नाही.

गावातलं नातं उसनवारीवर चालतं हे तुम्हाला मी सांगायला नको. वाटीभर साखर, विरजण, चाळण, विळा, पाहुणे आले म्हणून दोन ताटं, दवाखान्याला निघालं म्हणून दोनशे रुपये. आज मी नेलं, उद्या तू ने. यातून रोज दहा वेळा उंबरा ओलांडला जातो. नवरा गेला की त्या घरी मागायला जाणं लोकांना जिवावर येतं. 'तिच्याकडंच काय असणार बिचारीकडं,' असं म्हणून लोक पुढच्या दारात जातात. दयेपोटीच जातात, आणि त्या दयेनेच बाई गावात राहून गावाबाहेर पडते. घ्यायला ती आहे, द्यायला नाही. 'बिचारी' हा शब्द मला शिवीपेक्षा वाईट वाटतो तो त्यामुळे.

एक प्रसंग सांगते. मांजरा काठचं गाव. गटात एक चाळिशीची बाई होती, तिच्या नवऱ्याने फवारणीचं औषध पिऊन जीव दिलेला. पाच बैठका ती दाराच्या उंबऱ्याजवळ बसली, आत आली नाही. पदर तोंडावर. विचारलं तर 'काय सांगू' एवढंच. मी आपली दर वेळी तिला बोलतं करायला बघायची. सहाव्या बैठकीला फाल्गुन लागलेला. दुसरी एक बाई, नवऱ्याने टाकलेली, तिच्या मुलीचं लग्न ठरलेलं. रुखवताच्या कुरड्यांचा विषय निघाला आणि ती बोलून गेली, 'हिच्या हातच्या कुरड्या कशा पांढऱ्याफेक निघायच्या.' आणि गप्प झाली. सगळ्याच गप्प. लग्नाच्या कामाला विधवेचा हात लावत नाहीत हे सगळ्यांना ठाऊक होतं. मग त्या मुलीच्या आईने काय मनात आलं कोण जाणे, थेट तिच्याकडे बघून म्हटलं, 'लोकं काय म्हणायचं ते म्हणू देत. माझा चीक दर साली गाठाळतो. तू ये.'

कुरड्या घातल्या असतील तर माहीत असेल, हे एका माणसाचं काम नाही. तीन दिवस गहू भिजवायचा, रोज पाणी बदलायचं, वाटून चीक काढायचा, रात्रभर निवळू द्यायचा. पहाटे वरचं पाणी ओतून आधणात चीक सोडायचा. एकीने सोडायचा आणि दुसरीने घाटायचा, हात थांबला की गाठी. मी त्या रात्री त्याच घरी मुक्कामाला होते. पहाटे चारला ती आली. पदर कमरेला खोचलेला. पातेल्यापाशी बसली आणि पहिलंच वाक्य, 'अगं, आधणाला उकळी तरी फुटू दे की! काय घाई?' सहा महिन्यांत तिचा चढा आवाज मी तेव्हा पहिल्यांदा ऐकला. सूर्य उगवायच्या आत बाजेवरचं धोतर कुरड्यांनी भरून गेलं होतं. पुढच्या बैठकीला ती उंबऱ्यावर बसली नाही, आत येऊन भिंतीला टेकून बसली. बोलली काय? तर 'मीठ जरा कमी पडलं होतं.' नवऱ्याबद्दल ती त्यानंतर आठ महिन्यांनी बोलली, तेही मला नाही, मुलीच्या आईला, खुरपताना.

म्हणून मला ते 'मन मोकळं करा' प्रकरण पहिल्या बैठकीत पटत नाही. प्रशिक्षणात शिकवतात, गोल बसवा, प्रत्येकीला आपली कहाणी सांगायला लावा. गावात हे अंगाशी येतं. जी आज सगळं सांगते ती रात्रभर 'आपण बोलून बसलो' म्हणून जागी राहते आणि पुढच्या बैठकीला येत नाही. तुमच्याकडे चार-पाचच येतात त्याचं कारण कदाचित हेच असेल. हात कामात असले की तोंड आपोआप उघडतं. जात्यावर समोरासमोर बसून दळताना बायका ओव्यांत काय काय बोलून जायच्या, ते कुणी 'सांग' म्हटलं म्हणून नव्हे.

आपल्याकडे याला जुने शब्दही आहेत. सावड. आज तू माझ्या रानात, उद्या मी तुझ्या, दिवसाला दिवस. विदर्भात वारंगुळा म्हणतात. इर्जिक वेगळी, ज्याचं काम मागे पडलं त्याच्या रानात एक दिवस गावातली औतं उतरायची आणि त्याने सगळ्यांना जेवू घालायचं. जेवण महत्त्वाचं बरं का. अडलेल्या माणसालाही त्या दिवशी यजमान व्हायला मिळायचं, हात पसरल्यासारखं वाटायचं नाही. ट्रॅक्टर आला आणि दोन्ही विरत गेलं, आता म्हातारी माणसंच हे शब्द वापरतात. पण एकल बाई सावडीतून ट्रॅक्टरच्याही आधी बाहेर पडलेली असते. बैलजोडी नवऱ्याच्या दवाखान्यात नाहीतर कर्जात गेलेली, घरात पुरुषाचा हात नाही, मग तिच्याशी सावड कोण करणार?

आम्ही एका गावात बायकांचीच सावड केली. सहा जणी. सोयाबीनची खुरपणी आणि काढणी. नांगरट-पेरणीला भाड्याचा ट्रॅक्टर लागलाच, ते नाकारून चालणार नाही. पण खुरपणीची मजुरी वाचली, आणि मुख्य म्हणजे रानात एकटीने जायचं राहिलं. अडचण एकाच ठिकाणी आली: सहांतल्या एकीला जमीनच नव्हती. ती पाच दिवस दुसऱ्यांच्या रानात राबणार, तिला परत काय? मी म्हटलं तिला मजुरी देऊ. बायकांनी मला वेड्यात काढलं. मजुरी दिली तर ती मजूर होईल, सावडीतली राहणार नाही. शेवटी त्यांनीच तोडगा काढला. तिच्या पडक्या भिंतीची माती कालवून लिंपायला सगळ्या दोन दिवस गेल्या, आणि तिचा लहान मुलगा आळीपाळीने सांभाळला. तो हिशेब कुठल्याच वहीत नव्हता, पण कुणाचे किती दिवस राहिलेत ते प्रत्येकीला तोंडपाठ.

तुम्हाला वरच्या साहेबांना सांगायला काही आधार हवा असेल, तर हेही लिहून घ्या. दुसऱ्याला मदत करणाऱ्याचंच दुखणं हलकं होतं, हे फ्रँक रीसमन या अमेरिकी समाजशास्त्रज्ञाने 1965 मध्ये मांडलं होतं; दारू सोडणाऱ्यांच्या गटांपासून अनेक ठिकाणी ते वापरलं जातं. आणि 2010 मध्ये 148 अभ्यासांतल्या तीन लाखांहून अधिक माणसांची माहिती एकत्र करून पाहिली, तेव्हा ज्यांची माणसांशी नाती घट्ट आहेत त्यांची जगून राहण्याची शक्यता सुमारे 50 टक्क्यांनी जास्त निघाली. हे बहुतेक अभ्यास अमेरिका-युरोपातले आहेत, तेव्हा आकडा जसाच्या तसा आपल्या गावाला लावू नका. पण दिशा तीच आहे.

आता पैशाचं. माझ्याकडे द्यायला पैसा नाही असं तुम्ही म्हणता, मला तर ते तुमचं नशीब वाटतं. माझी एक चूक ऐका. दहा एकल बायकांचा गट बांधला आणि तिसऱ्याच महिन्यात एका देणगीदार संस्थेकडून त्यांच्यासाठी शेळ्या आणल्या. प्रत्येकी दोन. बायकांना एकमेकींची नावंही नीट ठाऊक नव्हती तेव्हा. कुणाची गाभण निघाली, कुणाची रोगट. एकीची दोन्ही मेली, आणि विमा निघाला नव्हता. 'ताईंनी आपल्या लाडकीला चांगली दिली' असं सुरू झालं. वर्षाच्या आत गट मोडला आणि त्यातल्या दोघी अजून एकमेकींशी बोलत नाहीत. संस्थेचा दोष नाही, घाई माझी होती. वरून आलेला पैसा बायकांना देणाऱ्याकडे बघायला लावतो, एकमेकींकडे नाही.

बचत उलटी चालते. 12 जणींनी महिन्याला 100 रुपये टाकले तर वर्षाचे 14,400 होतात. यात कुणाचं नशीब उघडत नाही. पण त्या 100 रुपयांसाठी महिन्यातून एकदा, जमलं तर आठवड्यातून एकदा घराबाहेर पडायला कारण मिळतं. सासूला 'रडायला चालले' असं सांगता येत नाही, 'हप्ता भरायला चालले' असं सांगता येतं. पंचसूत्री तुम्हाला पाठ आहे: नियमित बैठक, बचत, अंतर्गत कर्ज, परतफेड, हिशेब. त्यातला अंतर्गत कर्जाचा दिवस मी कधी चुकवत नाही. पहिलं कर्ज पाचशेचं का असेना, ते उचलायला लावायचं. मुलाची परीक्षा फी, चष्मा, तालुक्याचं भाडं. घेणारीला कळतं की माझ्या शब्दावर अकरा जणींनी पैसे काढून दिले. देणाऱ्यांना कळतं की आपल्याकडे देण्याजोगं काही आहे. ज्या बाईला कुणी महिनोन् महिने उसने दहा रुपये मागितले नव्हते ती 'तिला द्या, मी जामीन' असं म्हणते, तेव्हा ती बसतेही वेगळी.

याच्यापुढे कचेरी. आमचा एक नियम आहे: कचेरीत एकटीने जायचं नाही, दोघींनी जायचं, आणि माझ्यासारख्या कार्यकर्तीने शक्यतो जायचंच नाही. ज्या बाईचं काम असतं तिला समोरचा काय बोलतो ते ऐकूच येत नाही. शेतकरी आत्महत्येच्या प्रकरणात तर फारच. सरकारी मदत एक लाखाची, त्यातले 30,000 रोख आणि 70,000 ठेवीत. त्यासाठी जमीन कुणाच्या नावावर, कर्ज कोणत्या बँकेचं, तगादा होता का, हे तिला तीन-तीन ठिकाणी उभं राहून सांगावं लागतं, आणि शेवटी 'पात्र' की 'अपात्र' असा एका शब्दाचा निकाल लागतो. 'अपात्र' शब्द ऐकून घरी आलेली बाई मी पाहिली आहे. तिला वाटत होतं की अपात्र तीच ठरली. सोबतची बाई कागद धरते, कुठला दाखला राहिला ते लक्षात ठेवते, बाहेर आल्यावर झाडाखाली भाकरी सोडते. पुढच्या खेपेला हीच बाई तिसरीच्या सोबत जाते. आपण खाल्लेल्या हेलपाट्यांचं तिला आता काहीतरी करता येतं. संजय गांधी निराधार योजनेचा अर्ज, त्याचे 2023 पासून महिन्याला 1,500 मिळतात; कुटुंबातला कमावता गेल्यावरची 20,000 ची राष्ट्रीय कुटुंब लाभ योजना; सातबाऱ्यावर वारस नोंद. वारस नोंदीत दीर 'एवढी काय घाई' म्हणतोच. हिंदू वारसा कायद्यात विधवा पहिल्या वर्गातली वारस आहे. हे मी सांगितलं तर भाषण होतं. स्वतःचं नाव लावून घेतलेली बाई सांगते तेव्हा ते बायकांना खरं वाटतं.

एक गंमत सांगते. मार्च 2023 पासून एसटीत बायकांना अर्धं तिकीट झालं. त्याचा सगळ्यात मोठा फायदा मला इथे दिसला. पूर्वी सोबतीणीचं भाडं कुणी द्यायचं यावर गाडी अडायची. आता एका तिकिटात दोघी तालुक्याला जातात.

टाकलेल्या तिघींकडे वेगळं लक्ष द्या. विधवेकडे निदान मृत्यूचा दाखला असतो. टाकलेल्या बाईकडे कागदच नसतो. रेशनकार्डात नाव सासरी, आधारवर पत्ता सासरचा, आणि गावाच्या मते चूक तिचीच. गटात या दोन दुःखांची टक्कर होते, ती झाल्याशिवाय राहत नाही. 'तुझा निदान जिता तरी हाय,' असं विधवा म्हणते. 'तुझा मेला म्हणून लोक हळहळतात तरी, मला हसतात,' असं दुसरी म्हणते. पहिल्यांदा हे ऐकलं तेव्हा मी घाबरून विषय बदलला होता. आता बदलत नाही. दोघी खरंच बोलत असतात. फक्त त्या दिवशी बैठक भांडणावर उठू देत नाही, बचतीची वही काढते आणि हिशेबाला त्या दोघींनाच बसवते.

ऊसतोडीची तुमची भीती खरी आहे, पण गट मोडलाच पाहिजे असं नाही. जाताना जोड्या लावा. एक जाणारी, एक राहणारी. राहणारीने काय बघायचं ते घटस्थापनेच्या आधी ठरवायचं: शाळेतलं लेकरू, म्हातारी सासू, रेशन, नाहीतर नुसतं बंद घराचं कुलूप. आणि जाणारीने काय द्यायचं तेही त्याच दिवशी ठरवायचं, नाहीतर गुढीपाडव्याला परत येईपर्यंत राहणारीच्या मनात अढी बसते. आमच्याकडे जाणाऱ्या बायका उन्हाळ्यात सावडीचे दिवस फेडून देतात, कुणी मुकादमाची उचल, म्हणजे आगाऊ पैसे, मिळाली की त्यातून लेकराच्या वह्या-पुस्तकांचे पैसे आधीच हातात ठेवते.

उसाच्या फडावरचं एकटेपण तर आणखी वेगळं. टोळीत पन्नास माणसं असतात, पण सगळं मोजमाप कोयत्यावर, आणि कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. एकटी बाई अर्धा कोयता. भावाच्या नाहीतर पोराच्या जोडीने गेली तर ठीक, नाहीतर तिची कोपी, म्हणजे राहायची झोपडी, सगळ्यात कडेला आणि रात्री गाडी भरायला बोलावणं आलं की जीव मुठीत. आमच्या गटातल्या दोघींनी एक साल आपली जोडी लावून पूर्ण कोयता म्हणून उचल मागितली. मुकादम हसला. कमी उचल दिली, पण दिली. एक तोडायची, दुसरी मोळ्या बांधायची, गाडी भरताना दोघी फळीवरून चढायच्या, वाढं, म्हणजे उसाचे हिरवे शेंडे, विकून आलेले पैसे निम्मे-निम्मे. मी याचा गौरव करत नाही, त्या कामात गौरव करण्यासारखं काही नाही. पण पुढच्या सालीही त्या दोघी जोडीनेच गेल्या आणि कोपी एकच घातली.

फोनचं एक ठरवून टाका. राहणारीने ठरलेल्या वाराला, रात्री नऊच्या सुमारास फोन करायचा. दोन-तीन मिनिटं पुरतात, लेकरू बोललं पाहिजे. फोन लागला नाही तर दुसऱ्या दिवशी मुकादमाला लावायचा. एकदा असाच फोन लागला नाही म्हणून मुकादमाला लावला, तर बाई दोन दिवस तापाने कोपीत पडून. तोवर मुकादमाला पत्ताच नव्हता, की पत्ता असून दुर्लक्ष होतं, कोण जाणे. गावाकडून कुणीतरी विचारतंय हे कळल्यावर तिला दवाखान्यात नेलं.

मोडतं कशाने तेही सांगून ठेवते. बैठकीतलं बाहेर जातं. 'गुप्तता पाळा' म्हणून शपथ घालून ते थांबत नाही, म्हणून जे बाहेर गेलं तरी चालेल एवढंच सुरुवातीला बोलू द्या. दुसरं, अध्यक्ष. लिहिता-वाचता येणारी एक असते, सगळं तिच्याकडे जातं, दोन वर्षांत ती गटाची सासू होते. वही फिरती ठेवा, जिला लिहिता येत नाही तिच्या शेजारी तिची मुलगी बसवा. तिसरं, जात. चहा कुणाच्या घरचा चालतो आणि कुणाच्या घरचा चालत नाही, हे पहिल्या महिन्यातच दिसेल. तेव्हा भाषण देऊ नका आणि न दिसल्यासारखंही करू नका. बैठकीची जागा आळीपाळीने प्रत्येकीच्या दारात, हा नियम पहिल्याच दिवशी वहीत लिहा. ज्यांना जमणार नाही त्या गळतील. दोन गळल्या तर गळू द्या.

हळदी-कुंकवाचाही प्रश्न तुमच्याकडे संक्रांतीला येईलच. मे 2022 मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड गावाने विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला, त्याच महिन्यात सरकारनेही बाकीच्या ग्रामपंचायतींना तसं आवाहन करणारं परिपत्रक काढलं. ठराव हवाच. पण ठराव घरी येऊन 'चल' म्हणत नाही. आमच्या एका गटात सवाष्ण शेजारणीने स्वतः येऊन हाताला धरून नेलं तेव्हा बाई गेली. त्या शेजारणीचं बाळंतपण याच बाईने केलं होतं.

आता मर्यादा. जेवण-झोप तुटलेली, अंघोळ सोडलेली, 'माझ्यामागं लेकरांचं बघशील का' असं विचारणारी, असलेल्या वस्तू वाटायला लागलेली बाई दिसली तर गटाच्या भरवशावर राहू नका. तिला सरळ विचारा की जीव द्यावासा वाटतो का. विचारल्याने तो विचार डोक्यात शिरेल, ही भीती खोटी आहे. एकटीला सोडू नका, जिल्हा रुग्णालयात मानसोपचार विभागाला न्या, आणि 14416 हा टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा नंबर प्रत्येकीच्या फोनमध्ये घालून ठेवा. तो चोवीस तास चालतो, पैसे पडत नाहीत, मराठीतून बोलता येतं. आमच्या गटांत आणखी एक करतो. जिच्या घरी काळजी असते तिच्या घरातलं फवारणीचं औषध दुसरीच्या घरी कुलपात ठेवतो. फवारायचं असेल तेव्हा दोघींनी मिळून आणायचं. अमरावती जिल्ह्यात 'विश्राम' नावाचा उपक्रम झाला. त्यात गावपातळीवरच्या प्रशिक्षित माणसांनी घरोघरी जाऊन नैराश्याबद्दल बोलायला सुरुवात केली, आणि नैराश्य असलेल्यांपैकी उपचारापर्यंत पोचणाऱ्यांचं प्रमाण 4.3 टक्क्यांवरून 27.2 टक्क्यांवर गेलं. शेजारीण डॉक्टर होत नाही, पण डॉक्टरच्या दारापर्यंत तीच नेते.

पुढच्या बैठकीचं बोलू. 'कसं वाटतंय' हा प्रश्न यावेळी बाजूला ठेवा. येताना काहीतरी काम घेऊन या. घरात भुईमुगाच्या शेंगा असतील तर शेंगा सोलायला घ्या. मग विचारा, कुणाला काय चांगलं जमतं? पहिल्यांदा सगळ्या 'आम्हाला काय येतंय' म्हणतील. थांबा. कुणीतरी दुसरीचं नाव घेईल: हिला ब्लाउज शिवता येतो, हिच्या हाताने म्हैस दूध देते, ही बियाण्याला ठेवलेले जोंधळे बघून सांगते कसे उगवतील. ते वहीत लिहा, नावासमोर. मग, या महिन्यात कुणाचं काय अडलंय? तेही लिहा. या दोन याद्यांमध्ये रेघा ओढायचं काम त्यांच्यावर सोडा. न येणाऱ्या नऊ-दहा जणींना बोलवायला तुम्ही जाऊ नका. जिला ब्लाउज शिवून हवाय ती शिवणारीकडे जाईल.

आणि चहा करायचाच असेल तर साखर तुमच्या घरून नेऊ नका. जिच्याकडे कुणीच कधी जात नाही, तिच्याकडून वाटीभर उसनी मागून आणा. पुढच्या बैठकीआधी परत करा, आणि परत करताना वाटी जरा शिगोशीग भरा.